कढीपत्त्यावरची अळी, बहुरूपी मादी आणि पक्ष्याची ओकारी

रानभूल (धागाकर्ता)

गच्चीवरच्या बागेच्या धाग्यावर मागे एकांनी विचारलं होतं, की कढीपत्त्याच्या पानावर सकाळी पक्ष्याची शीट दिसते आणि दुपारी तीच शीट शेजारच्या पानावर गेलेली असते, हा काय प्रकार? तिथे 'कडुनिंबाचा अर्क फवारा' एवढ्यावर विषय मिटला. इतक्या स्वस्तात तो सोडून देणं जिवावर आलं, म्हणून हा वेगळा धागा.

ती शीट म्हणजे कॉमन मॉर्मन या फुलपाखराची अळी. लिंबू, कढीपत्ता, बेल अशा एकाच कुळातल्या झाडांवर याची मादी एकेक सुटं अंडं घालते. अळी पहिल्या चार अवस्थांत काळपट तपकिरी असते, पाठीवर पांढरट डाग, आणि अंगावर नुकत्याच पडलेल्या शिटेची असते तशी ओली चकाकी. बसते तीही पानाच्या वरच्या बाजूला, भर उजेडात. लपण्याची धडपड अजिबात नाही. बुलबुलाला ती दिसते, स्वच्छ दिसते, पण खाण्याची वस्तू म्हणून दिसत नाही. पानाच्या रंगात मिसळून नजरेआड होणं ही एक तऱ्हा आणि डोळ्यांसमोर राहून भलतंच काहीतरी वाटणं ही दुसरी. शाळेच्या पुस्तकात दोन्ही एकाच परिच्छेदात उरकतात, त्यामुळे आपल्या डोक्यात सगळा घोळ राहतो.

शेवटच्या अवस्थेत मात्र कात टाकली की अळी एकदम हिरवीगार. आता ती दीड-दोन इंचांची होणार असते आणि एवढी मोठी शीट टाकणारा पक्षी कढीपत्त्याच्या फांदीवर काही बसत नाही. हा बदल ज्युव्हेनाइल हार्मोनच्या (कीटकाची बाल्यावस्था टिकवणाऱ्या संप्रेरकाच्या) चढउतारावर चालतो, हे जपानी संशोधकांनी २००८ मध्ये याच फुलपाखराच्या एका आशियाई चुलतभावावर दाखवलं. चौथ्या अवस्थेच्या सुरुवातीला त्या हार्मोनचं प्रमाण उतरू दिलं नाही, तर कात टाकल्यावरही अळी शिटेच्याच रूपात राहते. आणि एवढं करूनही कोणी डिवचलंच, तर डोक्यामागून दोन टोकांचं लालसर शिंग बाहेर येतं आणि उग्र वास सुटतो. काडीने हळूच टोचून पाहा. वास बोटांना लागला तर मला नावं ठेवू नका.

आता खरा मुद्दा. हीच अळी मोठी होऊन मादी झाली की तिची तीन रूपं निघू शकतात. मराठीत या फुलपाखराला बहुरूपी म्हणतात ते यामुळेच. एक रूप नरासारखं: काळं, मागच्या पंखांवर पांढऱ्या ठिपक्यांची आडवी रांग. दुसरं हुबेहूब कॉमन रोझ या विषारी फुलपाखरासारखं: मागच्या पंखावर मधोमध पांढरे पट्टे, कडेला लाल चंद्रकोरी. तिसरं क्रिमझन रोझसारखं: पुढच्या पंखांवर पांढऱ्या पट्ट्या आणि मागे लाल ठिपके. पूर्वी या वेगवेगळ्या जाती समजल्या जात. त्या एकाच जातीच्या माद्या आहेत हा उलगडा आल्फ्रेड रसेल वॉलेस या इंग्रज निसर्ग-अभ्यासकाने १८६५ च्या निबंधात नीट मांडला.

सोंग कॉमन रोझचंच का? कारण कॉमन रोझची अळी ईश्वरीच्या वेलीवर वाढते. त्या वेलीतलं अ‍ॅरिस्टोलोकिक आम्ल अळीच्या अंगात साठतं आणि फुलपाखरातही उतरतं. ते पक्ष्यांना बाधतं. आपली बहुरूपी मादी लिंबाच्या पानांवर पोसलेली, खायला अगदी चविष्ट, पण कपडे विषारी शेजारणीचे. ओळखायची खूण: खऱ्या रोझचं धड लालभडक असतं, सोंगाडीचं काळं. पंख हुबेहूब उतरले, पण धड रंगवायचं राहून गेलं!

या प्रकाराला 'बेट्सियन मिमिक्री' हे नाव मिळालं हेन्री वॉल्टर बेट्सवरून. हा माणूस १८४८ मध्ये वॉलेसबरोबर ॲमेझॉनच्या खोऱ्यात गेला आणि ११ वर्षं तिथेच किडे गोळा करत राहिला. परतल्यावर १८६२ मध्ये त्याचा निबंध छापून आला: निरुपद्रवी फुलपाखरं विषारी फुलपाखरांसारखी दिसतात, आणि ज्यांचं साम्य जास्त ती जास्त वाचतात. डार्विनला हातात आयता पुरावा मिळाला.

लोक म्हणतात 'निसर्ग किती हुशार'. माझं म्हणणं, हुशारीचं श्रेय द्यायचंच तर पक्ष्याला द्या. अमेरिकेत लिंकन ब्राउअर यांनी १९६० च्या दशकात पिंजऱ्यातल्या ब्लू जे पक्ष्यांना विषारी मोनार्क फुलपाखरं खायला घातली. पक्ष्याने खाल्लं, थोड्या वेळाने पिसं फुलवून ओकला, आणि पुढे मोनार्क समोर धरलं की नको म्हणायला लागला. सोंगाडी फुलपाखराचं सगळं भांडवल म्हणजे ही ओकारी आणि तिची आठवण. फुलपाखराला काही कळत नाही, ठरवत तर नाहीच नाही. ज्या माद्या पक्ष्याच्या वाईट आठवणीशी थोड्या जास्त जुळल्या, त्यांची अंडी पानावर पडली.

म्हणूनच यात एक हिशोब आहे. खऱ्या रोझपेक्षा नकली जास्त झाल्या, तर पक्ष्याला पहिला घास चविष्टच मिळण्याची शक्यता वाढते, आणि मग लाल-पांढरा रंग म्हणजे जेवणाची पाटीच होते. बाजारात खोट्या नोटा फार झाल्या की खरी नोटही कोणी घेत नाही, तसं. सगळ्याच माद्या सोंग घेत नाहीत, काही नरासारख्याच राहतात, त्याचं एक कारण हेच मानलं जातं.

तुमच्या पाहण्यातली अशी सोंगं लिहा. फक्त एक विनंती: 'कोण कोणासारखं दिसतं' यावर थांबू नका, फसतं कोण तेही लिहा.

---

कुंडीतली_शेती

म्हणजे मी इतके दिवस ज्यांना चिमट्याने उचलून संडासात टाकत होते ती फुलपाखरं होती?? पण रानभूल, माझा कढीपत्ता हातभर आहे हो. चार अळ्या आल्या की आमटीत टाकायला पान उरत नाही. करू काय?

रानभूल

@कुंडीतली_शेती, ताई, सोसायटीत कुठे मोठं लिंबाचं नाहीतर बेलाचं झाड असेल तर अळी पानासकट तिथे नेऊन ठेवा. अळीला ओढून काढू नका, पाय घट्ट रोवलेले असतात, पानच तोडा. कुंडीतलं रोप शेंडे खुडल्यासारखं पुन्हा फुटतं. एखादी ठेवून बघा तरी.

वाटसरू_७२

वाचनखूण साठवली. निवांत वाचतो.

शंकासुर

लेख छान, पण एक गोष्ट मला कधीच पटलेली नाही. सोंग पूर्ण झालं तर उपयोग, हे कळलं. अर्धवट सोंगाचा काय उपयोग? काळ्या फुलपाखराला पहिल्यांदा एखादा पांढरा ठिपका आला असेल, तेव्हा कुठला पक्षी फसला असेल? की एका उडीत सगळं झालं? 'हळूहळू झालं' हे उत्तर मला नको आहे, ते सगळीकडे चिकटवता येतं.

रानभूल

@शंकासुर, तुमची शंका शंभर वर्षं जुनी आहे आणि याच फुलपाखरावरून तिचं भांडण झालंय.

फ्रायर नावाच्या संशोधकाने श्रीलंकेत हे फुलपाखरू पिढ्यान् पिढ्या पाळून १९१३ मध्ये निष्कर्ष छापले. रूपं मेंडेलच्या वाटाण्यांसारखी वारशात उतरतात, सोंगाचा गुण प्रभावी असतो, आणि नराकडेही तो गुण असतो, फक्त त्याच्या अंगावर दिसत नाही. म्हणजे काळा-पांढरा साधासुधा नर आपल्या लेकींना रोझचे कपडे देऊ शकतो. यावरून केंब्रिजच्या पनेट यांनी १९१५ मध्ये मांडलं, की सोंग एका उडीतच आलं असणार, पायरी-पायरीने निवड होण्याची गरजच नाही. तुमच्यासारखंच. आनुवंशिकतेचं गणित मांडणाऱ्या फिशरने याला कडाडून विरोध केला. त्याचं म्हणणं, एक गुण 'चालू-बंद' असा वारशात मिळतो म्हणून तो एका झटक्यात घडला असं होत नाही.

उत्तराचा मोठा भाग २०१४ मध्ये आला. कृष्णमेघ कुंटे आणि सहकाऱ्यांनी दाखवलं, की हे सगळं 'डबलसेक्स' नावाच्या एकाच जनुकावर चालतं. हे जनुक कीटकांत मुळात नर-मादी फरक ठरवणारं, त्यामुळे सोंग फक्त माद्यांत का दिसतं याचाही धागा इथे मिळतो. पण सोंगाच्या आवृत्तीत या जनुकात एक नाही, अनेक बदल आहेत. शिवाय गुणसूत्राचा तो तुकडा उलटा फिरलेला आहे. उलटा असल्यामुळे साध्या आवृत्तीबरोबर त्याची अदलाबदल होत नाही आणि सगळे बदल एकगठ्ठा पुढे जातात. एकच जनुक, हा पनेटचा अंदाज खरा निघाला. त्याच्या पोटात अनेक बदल साठलेले, यात फिशरची बाजू राहिली.

अर्धवट ठिपक्याचं म्हणाल, तर पक्षी काही भिंग लावून बसत नाही. झाडीतून झपकन काहीतरी जातं, क्षणभरात ठरवायचं असतं. नुकताच ओकलेला पक्षी दुरूनही शंका घेतो. म्हणून पहिला ढोबळ बदलही कामाला येऊ शकतो, आणि त्यावर पुढची सफाई चढते.

शंकासुर

उलटा तुकडा हे नवीन कळलं. नराकडे गुण असून तो दाखवत नाही, हे मात्र अजून डोक्यात बसत नाहीये. पुन्हा वाचतो.

हुमल्यांचो_शेजारी

सावंतवाडीकडून माझी भर. आंबा-काजूच्या झाडावर पानं शिवून घरटी करणाऱ्या तांबड्या मुंग्या, त्येंका आमच्याकडे हुमले म्हणतत. चावले की आजी आठवते. त्या हुमल्यांच्या वाटेवर नीट बघितलात तर एखादा हुमला जरा लांबूनच चालताना दिसतो. तो हुमला नव्हेच, कोळी.

मोबाईलचा कॅमेरा जवळ नेऊन बघा. कोळ्याचं पुढचं शरीर मधे आवळलेलं, त्यामुळे डोकं आणि छाती वेगळी वाटतात. कंबर मुंगीसारखी बारीक. डोक्याच्या बाजूला दोन काळे ठिपके, हुमल्याच्या डोळ्यांच्या जागी. आठ पायांपैकी पुढचे दोन वर उचलून हलवत राहतो, म्हणजे मिशा झाल्या आणि उरले सहा. नराचे जबडे एवढे लांब पुढे आलेले असतात, की हुमला तोंडात दुसरा हुमला धरून चाललाय असं वाटावं. आणि बोट जवळ नेलं की सगळं नाटक विसरून टुणकन उडी मारून धाग्यावर लोंबकळतो. हुमले कधी धाग्यावर लोंबकळत नाहीत!

'फसतं कोण' म्हणाल, तर मुंग्या नाहीत. त्या वासावर चालतात, आणि हा कोळी त्यांच्या अंगाला अंग लागू देत नाही, समोर आला की वाट बदलतो. फसतात ते हुमल्यांच्या वाटेला न जाणारे दुसरे शिकारी. म्हणजे दादाच्या गल्लीत दादासारखा शर्ट घालून राहायचं, पण दादाच्या समोर जायचं नाही.

रानभूल

@हुमल्यांचो_शेजारी, जबर! त्या आवळलेल्या डोक्याचा फोटो असेल तर डकवा.

काठी_आणि_पिशवी

मी साताऱ्याकडे साप पकडून सोडायचं काम करतो, म्हणून ज्या सोंगापायी जीव जातात ते लिहितो. मण्यार आणि कवड्या.

मण्यार जहाल विषारी. रात्री फिरते, दंश अनेकदा जाणवतही नाही, सूज नाही, वेदना नाही, आणि काही तासांत पापण्या जड होऊन श्वास बंद पडायला लागतो. कवड्या बिनविषारी. पाली खायला घरात येतो, भिंतीवरून सरसर चढतो. दोघेही रात्रीचे, दोघांच्या अंगावर पांढरे आडवे पट्टे. शंभर वेळा फोन येतो 'मण्यार आली', आणि जाऊन बघावं तर कवड्या काठीखाली चेचलेला.

फरक सांगतो, पण फक्त फोटोवरून शिकण्यासाठी. कवड्याचे पट्टे मानेपासून सुरू होतात, पुढे ठळक आणि शेपटीकडे विरत जातात. मण्यारीचं उलट: मानेजवळ पट्टे नसतात किंवा तुटक असतात, आणि शेपटीकडे बारीक, बहुधा जोडीजोडीने, ठळक होत जातात. मण्यारीच्या पाठीच्या कण्यावर षटकोनी मोठ्या खवल्यांची रांग असते. रात्री बॅटरीच्या उजेडात, हात थरथरत असताना यातलं काहीही दिसत नाही. म्हणून ओळख पटवत बसू नका. लांब राहा, सापावर नजर ठेवा, जवळच्या सर्पमित्राला बोलवा. चावल्याची नुसती शंका असली तरी थेट सरकारी दवाखाना. मांत्रिक नको, दोरी आवळणं नको.

अशाच जोड्या अजून आहेत. फुरसं समजून मांजऱ्या मारतात, घोणस समजून डुरक्या घोणस मारतात. मांडूळ तर शेपटीलाच तोंड दाखवतं: शेपूट बोथट, डोक्यासारखी, धोका वाटला की डोकं वेटोळ्यात लपवतं आणि शेपूट वर ठेवते. शिकाऱ्याचा पहिला घाव शेपटीवर जातो. आपल्याकडे त्याचं 'दुतोंड्या' करून गुप्तधनाच्या नादात लाखोंचे सौदे ठरतात, पोलीस केस होतात, तरी माणसं सुधारत नाहीत. पक्ष्यापेक्षा माणूस लवकर फसतो असं माझं मत झालंय.

शंकासुर

@काठी_आणि_पिशवी, उपयुक्त माहिती. पण कवड्याने 'सोंग घेतलंय' हे कशावरून? दोन साप रात्रीचे आहेत, पट्टे असणं दोघांनाही वेगवेगळ्या कारणाने सोयीचं असेल. दिसण्यातलं साम्य म्हणजे लगेच नक्कल होत नाही.

रॅलेचा_राजू

शंकासुरांचा प्रश्न रास्त आहे आणि याची परीक्षा मी राहतो त्या नॉर्थ कॅरोलिनात झालेली आहे, कवड्यावर नाही पण तशाच जोडीवर. इथे कोरल स्नेक हा विषारी साप, लाल-पिवळे-काळे कडे असलेला. आणि स्कार्लेट किंगस्नेक हा बिनविषारी, तशीच कडी मिरवणारा. गंमत म्हणजे किंगस्नेकचा प्रदेश मोठा आहे, कोरल स्नेक त्याच्या काही भागातच सापडतो.

फेनिग आणि सहकाऱ्यांनी प्लास्टिसिनचे खोटे साप केले, काहींवर कडी, काही साधे तपकिरी, आणि जंगलात ठेवून दिले. प्लास्टिसिन मऊ असल्यामुळे कोणी चावलं की दातांचे ठसे उमटतात. २००१ मध्ये निकाल छापला: जिथे कोरल स्नेक राहतो तिथे कडीवाल्या सापांना शिकारी कमी हात लावतात. जिथे तो नाहीच, तिथे ती कडी काही कामाची नाहीत. म्हणजे रंगात स्वतःहून घाबरवणारं काही नाही, खरा विषारी साप शेजारी असावा लागतो. रानभूल म्हणतात त्या ओकारीच्या आठवणीसारखंच, फक्त सापाच्या बाबतीत चावा खाऊन शिकायला दुसरी संधी मिळत नाही. त्यामुळे काही पक्ष्यांत ही भीती उपजत असावी असं मानतात.

कवड्यावर असा प्रयोग कोणी आपल्याकडे करावा. प्लास्टिसिन महाग नाही.

जाता जाता: मोनार्कची नक्कल म्हणून व्हाइसरॉय फुलपाखरू इथल्या शाळांत पिढ्यान् पिढ्या शिकवलं गेलं. १९९१ मध्ये पंख काढून नुसती धडं पक्ष्यांना खायला घातली, तर व्हाइसरॉयही बेचव निघालं! म्हणजे दोघंही खरे, आणि एकच गणवेश वाटून घेतलाय. फ्रिट्झ म्युलरने १८७८ मध्ये मांडलेला प्रकार: पक्ष्याला धडा शिकवण्यात जे मरतात, त्यांचा तोटा दोन्ही जातींत वाटला जातो.

काठी_आणि_पिशवी

@रॅलेचा_राजू, प्लास्टिसिनचा साप आमच्या गावात ठेवला तर पक्ष्याआधी माणसंच ठेचतील. ठसा दातांचा नाही, चपलेचा मिळेल.

तिरकस_तात्या

सरड्याचा उल्लेख अजून कसा नाही? निवडणुका जवळ आल्यात म्हणून मुद्दाम टाळलाय का?

रानभूल

तात्या, सरड्याची फुकट बदनामी होते. आपल्या कुंपणावरचा साधा सरडा लाल होतो तो विणीच्या हंगामातला नर, दुसऱ्या नराला दम द्यायला आणि मादीला दिसायला. घोयऱ्याचंही (आपला शॅमेलिऑन) बरंचसं तेच, रंगबदल मुख्यतः आपसांतल्या बोलण्यासाठी आणि अंगाची ऊब सांभाळण्यासाठी. पाठीमागे हिरवं म्हणून हिरवा, निळं म्हणून निळा, हे कार्टूनमधलं. जिनेव्हाच्या संशोधकांनी २०१५ मध्ये मादागास्करच्या शॅमेलिऑनवर दाखवलं, की कातडीतल्या पेशींत ग्वानिनचे अतिसूक्ष्म स्फटिक असतात आणि त्यांच्यामधलं अंतर वाढलं-घटलं की परावर्तित होणारा रंग बदलतो. राजकारण्यांसाठी दुसरा प्राणी शोधा.

जाळ्यातला_मासा

दुसरा प्राणी मी देतो: माकूल. ताजं जाळ्यातून काढलेलं माकूल टोपलीत ठेवा आणि बघत बसा. अंगावर तपकिरी ठिपके उमटतात, मिटतात, लाटांसारखे धावतात. प्रत्येक ठिपका म्हणजे रंगाची पिशवी, भोवती स्नायू, आणि स्नायूंना थेट मेंदूच्या नसा. म्हणून सेकंदाच्या आत सगळं अंग बदलतं, सरडा यापुढे फारच संथ. आणि कमाल अशी, की माकलाच्या डोळ्यात रंग ओळखणारं द्रव्य एकाच प्रकारचं आहे. आपल्या व्याख्येने ते रंगांधळं. तरी वाळूवर वाळूचं आणि खडकावर खडकाचं होतं. बाजारात पांढरंफटक दिसतं ते मेलेलं, त्यावरून त्याची पारख करू नका.

ताडोबा_रिटर्न

रंगांधळेपणावरून आठवलं. सफारीत प्रत्येक जिप्सीत कोणीतरी विचारतंच, 'एवढा भगवा वाघ लपतो कसा?' चितळ-सांबरांना लाल आणि हिरवा यांतला फरक कळत नाही. वाघाचा केशरी रंग त्यांना गवताच्याच छटेचा दिसतो, वर काळे पट्टे उभ्या गवतात आकार मोडून टाकतात. भगवा फक्त आपल्याला आणि माकडांना दिसतो. वाघ दिसला की झाडावरून वानर आधी ओरडतं, त्याला उंचीबरोबर या डोळ्यांचीही मदत होत असणार. धागाकर्ते म्हणतात ते 'फसतं कोण' इथे फार नेमकं लागू पडतं.

खडू_फळा

मी नववी-दहावीला विज्ञान शिकवते. इंग्लंडमधल्या काळ्या पतंगाचं उदाहरण (पेपर्ड मॉथ) शिकवावं की नाही? ते प्रयोग बनावट होते असं एका व्हिडिओत पाहिलं.

रानभूल

@खडू_फळा, निर्धास्त शिकवा. १८४८ मध्ये मँचेस्टरला काळा पतंग नोंदला गेला आणि शतक संपेपर्यंत, कारखान्यांच्या धुराने झाडांची खोडं काळवंडली तसे, तिथे बहुतेक पतंग काळे झाले, हे पक्कं आहे. पक्षी कोणत्या रंगाचे पतंग टिपतात हे पाहणाऱ्या केटलवेलच्या १९५० च्या दशकातल्या प्रयोगांवर टीका झाली ती मांडणीवर: पतंग दिवसा खोडावर जिथे बसत नाहीत तिथे ठेवले, संख्या फार दाट होती, वगैरे. मग मायकेल मॅजेरस यांनी केंब्रिजजवळ सहा वर्षं खपून ४,८६४ पतंगांवर नीट प्रयोग केला. पक्षी काळे पतंग जास्त टिपतात हेच दिसलं, कारण तोवर हवा स्वच्छ झाली होती आणि खोडं पुन्हा फिकी. ते २००९ मध्ये वारले, सहकाऱ्यांनी २०१२ मध्ये निकाल छापला. मुलांना ही टीका आणि तिचं उत्तर दोन्ही सांगा, त्यात जास्त विज्ञान आहे.

पेरते_व्हा

नगर जिल्ह्यातून. आमच्याकडे मृगाच्या आधी पावशा ओरडायला लागतो, 'पेरते व्हा, पेरते व्हा'. आयडी त्यावरूनच घेतलाय. तो दिसायला थेट शिक्रा. राखाडी पाठ, छातीवर तांबूस आडव्या रेघा, शेपटीवर पट्टे, उडणंही तसंच: चार वेळा पंख मारायचे आणि तरंगायचं. बांधावरच्या बाभळीवर येऊन बसला की खारी चिरचिर करतात, चिमण्या पांगतात. पण चोच नीट बघा, शिकारी पक्ष्याची आकडी नाही. खातो सुरवंट. पोटासाठी तर सोंग नाही मग कशासाठी?

रानभूल

@पेरते_व्हा, वा, याचीच वाट बघत होतो. सोंग सातभाईंसाठी असावं. पावशा त्यांच्या घरट्यात अंडं घालतो, आणि ते अंडंही सातभाईंच्या अंड्यासारखं निळं. पुढे पिल्लाला सगळा सातभाईंचा थवा भरवत फिरतो, ते दृश्य तुम्ही शेतात पाहिलं असेलच. शिक्रा वाटला की यजमान घरट्यापासून दूर सरकतो किंवा घाबरून गप्प बसतो, तेवढ्यात काम होतं.

पावशावर थेट प्रयोग फारसे नाहीत, पण युरोपातल्या कोकिळेवर आहेत. केंब्रिजच्या मंडळींनी पेंढा भरलेले पक्षी मांडून दाखवलं, की पोटावरच्या रेघांमुळे छोटे पक्षी कोकिळेला ससाण्यासारख्या शिकारी पक्ष्याइतकेच बिचकतात; रेघा झाकल्या की भीती कमी. २०१७ मध्ये आणखी एक गंमत निघाली. तिथली मादी अंडं घालून उडताना खुदखुदल्यासारखी ओरडते. ती हाक स्पॅरोहॉक या शिकारी पक्ष्याच्या आवाजाशी इतकी जुळते, की यजमान पक्षी स्वतःचा जीव सांभाळायला लागतो आणि घरट्यातलं नवं अंडं तपासायचं राहून जातं.

पेरते_व्हा

सातभाई पावशाच्या पिल्लाला भरवताना पाहिलेत. आम्हाला वाटायचं सात भावांची बहीण आहे.

कुंडीतली_शेती

अपडेट: अळी ठेवली. काल हिरवी झाली, आज डिवचलं तर शिंगं काढली, वास भयानक, सासूबाई खूश नाहीत. आता मला कॉमन रोझही गच्चीत हवंय. ईश्वरीची वेल कुठे मिळेल? सासूबाई म्हणतात त्यांच्या माहेरी तिचं मूळ उगाळून सापाच्या विषावर द्यायचे, तर औषधालाही होईल.

काठी_आणि_पिशवी

ताई, सापाच्या विषावर मूळ उगाळू नका, दवाखाना. वर लिहिलंय.

रानभूल

@कुंडीतली_शेती, मूळ पोटात घेणं तर अजिबातच नको. तेच अ‍ॅरिस्टोलोकिक आम्ल माणसाची मूत्रपिंडं निकामी करतं आणि कर्करोगही घडवतं. १९९० च्या सुमारास बेल्जियममध्ये वजन उतरवण्याच्या चिनी वनौषधीत याच कुळातली वनस्पती चुकून मिसळली गेली आणि शंभरावर बायकांची मूत्रपिंडं गेली.

वेल लावायला हरकत नाही. पावसाळ्याच्या सुरुवातीला देशी झाडांच्या रोपवाटिकेत विचारा, सापसण म्हणूनही ओळखतात. पानं लांबट, शेंग वाळली की छोट्या टांगत्या टोपलीसारखी किंवा उलट्या छत्रीसारखी उघडून लोंबते. एक काळजी घ्या: शोभेच्या रोपांच्या दुकानात मोठ्या ठिपकेदार फुलांची, दक्षिण अमेरिकेतून आलेली बहीण 'हीच ती' म्हणून गळ्यात मारतात. ऑस्ट्रेलियात तिथलं रिचमंड बर्डविंग फुलपाखरू या परदेशी वेलीवर फसून अंडी घालतं आणि अळ्या पानं खाऊन मरतात. त्यामुळे फूल लहान, फिकट हिरवट आणि गडद जांभळ्या तोंडाचं आहे का ते बघून घ्या, आणि फूल नसेल तर रोपवाल्याला मूळ झाड कुठलं ते विचारा.